श्रेयांस : एका नावाचा अर्थ आणि वारसा

(सुवर्णमहोत्सवी वर्षानिमित्त पळस्पे येथील व्याख्यानाचा मजकूर)

 

बालक जन्माला आले की बाराव्या दिवशी त्याला पाळण्यात घालावे आणि आत्याने त्याच्या कानात नाव सांगावे, ही महाराष्ट्रातील घराघरांची रीत आहे. गुजराती आणि मारवाडी साधर्मिकांकडे हा मान फईबांचा किंवा भुवाजींचा. भाषा बदलते, नाते तेच राहते. जैन परंपरेनेही नाव ठेवण्याच्या या क्षणाला संस्काराचा दर्जा दिला आहे. नवव्या शतकातील आचार्य जिनसेन यांनी 'आदिपुराणा'त गृहस्थाच्या क्रियांचे वर्णन करताना नामकर्म ही स्वतंत्र क्रिया सांगितली असून, जिनेश्वरांच्या एक हजार आठ नामांमधून बालकाचे नाव निवडावे असा विधी दिला आहे. नामे पत्रांवर लिहून घटात ठेवावीत आणि त्यांतील एक काढावे. याला 'घटपत्रविधी' म्हटले आहे. श्वेतांबर परंपरेत वर्धमानसूरींच्या 'आचारदिनकर' या ग्रंथात सोळा गृहस्थसंस्कारांमध्ये नामकरणाचा समावेश आहे.

या विधीतील आशय विचार करण्याजोगा आहे. नाव कानाला गोड लागते म्हणून ठेवायचे नसून ते जिननामाच्या भांडारातून घ्यायचे आहे. घटातून पत्र निघते, म्हणजे पालकांच्या हौसेला आणि अहंकारालाही तेथे थोडा आवर घातलेला आहे. बालकाला जे नाव मिळते ते त्याच्या आधी कोणीतरी साधनेने सार्थ केलेले असते. अशाच एका नावाचा, 'श्रेयांस' या नावाचा, अर्थ आणि वारसा पाहणे हा आजचा विषय आहे.

शब्दाचा अर्थ

'श्रेयांस' या शब्दाचे मूळ 'श्रेयस्' या संस्कृत शब्दात आहे. पाणिनींनी 'प्रशस्य' म्हणजे प्रशंसनीय या शब्दाला तुलनेचा प्रत्यय लागताना 'श्र' असा आदेश होतो, असे सांगितले आहे. त्यातून दोन शब्द सिद्ध होतात : एक 'श्रेयस्' आणि दुसरा 'श्रेष्ठ'. श्रेष्ठ म्हणजे सर्वांत उत्तम. श्रेयस् म्हणजे अधिक उत्तम, आहे त्याहून चांगले. पुल्लिंगी प्रथमेच्या एकवचनात 'श्रेयान्' हे रूप होते, तर 'श्रेयांसम्', 'श्रेयांसः' अशा रूपांत जे अंग दिसते तेच पुढे अकारान्त होऊन 'श्रेयांस' हे नाव रूढ झाले. हेमचंद्राचार्यांनी 'अभिधानचिंतामणी' या कोशात श्रेयान् आणि श्रेयांस ही दोन्ही रूपे एकाच तीर्थंकरांची नामे म्हणून नोंदविली आहेत.

व्याकरणातील हा भेद लहान वाटला तरी अर्थाच्या दृष्टीने मोठा आहे. श्रेष्ठत्व दुसऱ्यांशी तुलना करून ठरते. तेथे एक वर असतो आणि बाकीचे खाली. श्रेयस् मात्र वाटचालीचा शब्द आहे. कालच्यापेक्षा आजचा आत्मपरिणाम अधिक शुद्ध असावा, ही त्यामागील दृष्टी आहे. जैन दर्शनातील चौदा गुणस्थानांची कल्पनाही अशीच पायरीपायरीने वर नेणारी आहे. परीक्षेतील पहिल्या क्रमांकासाठी मुलांची झोप उडविणाऱ्या आजच्या काळात, घरातील मुलाला 'श्रेयांस' अशी हाक मारणाऱ्या आईवडिलांनी हा अर्थ ध्यानात घेतला, तर त्या हाकेचा सूरच बदलेल.

'श्रेयस्' या शब्दाला भारतीय विचारात आणखी एक जोडशब्द आहे, तो म्हणजे 'प्रेयस्'. कठोपनिषदात यम नचिकेताला श्रेय आणि प्रेय या दोन वाटा सांगतो : एक कल्याणाची, दुसरी सुखकारक वाटणारी. मराठी घरांत 'श्रेयस' हे नाव आज सर्व समाजांत आढळते, त्यामागे ही व्यापक परंपरा आहे. 'श्रेयांस' हे रूप मात्र विशेषत्वाने जैन आहे. ते उच्चारले की जैन श्रावकाच्या मनात एक तीर्थंकर आणि एक दानवीर अशी दोन चरित्रे उभी राहतात.

प्राकृतातील 'सिज्जंस'

लोगस्स सूत्र नित्य म्हणणाऱ्यांच्या मुखी हे नाव 'सिज्जंस' या प्राकृत रूपात रोज येते. शीतलनाथांनंतर आणि वासुपूज्यांपूर्वी ज्यांचे स्मरण होते, ते हेच श्रेयांसनाथ. अनेकदा ओठ सूत्र म्हणतात आणि आपल्याच नातवाचे नाव आपण उच्चारतो आहोत, हे मनाला उमगत नाही.

प्राकृत रूपामुळे या नावाला एक कथाही लाभली आहे. आवश्यक निर्युक्तीच्या परंपरेत असे सांगितले जाते, की राजाकडे पूर्वापार चालत आलेली एक मौल्यवान शय्या होती. तिच्यावर देवतेचा पहारा असल्याने कोणी तिच्यावर बसण्यास धजत नसे. भगवंत गर्भात असताना मातेला त्या शय्येवर आरूढ होण्याचा डोहाळा झाला. ती निर्भयपणे शय्येवर बसली आणि देवतेचा उपद्रव निघून गेला. प्राकृतात शय्येला 'सिज्जा' म्हणतात; म्हणून नाव 'सिज्जंस'. संस्कृत व्युत्पत्ती कल्याणाकडे बोट दाखविते आणि प्राकृत कथा निर्भयतेकडे. ज्या वस्तूची पूजा भीतीपोटी होत होती, ती भीती एका मातेने दूर केली, हा या कथेचा मर्मभाग होय.

आणखी एक गोष्ट फारशी कोणाच्या लक्षात नसते. भगवान महावीरांच्या पित्याची सिद्धार्थ, श्रेयांस आणि यशस्वी अशी तीन नावे आचारांग आणि कल्पसूत्रात सांगितली आहेत. यांतील दुसरे नाव, 'सेज्जंस', हे याच शब्दाचे रूप आहे. म्हणजे अकराव्या तीर्थंकरांचे नाव चोविसाव्या तीर्थंकरांच्या घरातही नांदत होते.

अकरावे तीर्थंकर

श्रेयांसनाथ भगवंतांचा जन्म सिंहपुरी येथे इक्ष्वाकू कुळातील विष्णुराजाच्या घरी झाला, असे परंपरा सांगते. वाराणसीजवळचे आजचे सारनाथ ही ती सिंहपुरी मानली जाते. तेथे धमेख स्तूपाच्या शेजारी १८२४ मध्ये बांधलेले श्रेयांसनाथांचे दिगंबर जैन मंदिर आहे आणि जवळच श्वेतांबर मंदिरही आहे. बुद्धांच्या पहिल्या उपदेशाचे स्थान म्हणून जगभरातील यात्रेकरू जेथे येतात, त्याच भूमीला जैन बांधव तीर्थंकरांची कल्याणकभूमी म्हणून वंदन करतात. भगवंतांचे निर्वाण श्री सम्मेदशिखरावर झाले.

त्यांचे लांछन गेंडा आहे. सिंह, वृषभ, हत्ती यांच्या तुलनेत हे लांछन अनेकांना वेगळे वाटते. पण आगमवाङ्मयात गेंड्याच्या एकाकी शिंगाची उपमा मुनीच्या एकत्वाला दिलेली आहे. भारतीय गेंड्याला एकच शिंग असते आणि तो कळपाने राहत नाही. आत्मा एकटा येतो, एकटाच कर्म भोगतो आणि एकटाच मुक्त होतो, या एकत्वभावनेचे ते सजीव चिन्ह आहे. श्रेयाची वाट गर्दीत सापडत नाही, हेही त्यातून सुचविले जाते.

श्रेयांसनाथांच्या शासनकाळाचा भगवान महावीरांशी थेट संबंध आहे. महावीरांचा जीव एका पूर्वभवात त्रिपृष्ठ वासुदेव होता आणि हा प्रथम वासुदेव श्रेयांसनाथांच्या काळातील होता. श्वेतांबर चरित्रग्रंथांतील प्रसंग प्रसिद्ध आहे. आपल्याला झोप लागताच संगीत थांबवावे, अशी त्रिपृष्ठाची आज्ञा होती. शय्यापालक गाण्यात रमला आणि त्याने ते थांबविले नाही. क्रोधाने त्रिपृष्ठाने त्याच्या कानात तापलेले शिसे ओतविले. त्या कर्माचा उदय महावीरांच्या भवात झाला आणि गोपाळाने त्यांच्या कानात शलाका ठोकल्या. तीर्थंकरांचे शासन लाभूनही सत्तेच्या मदात केलेले कर्म चुकले नाही. मोठे नाव, मोठे कुळ किंवा मोठा काळ कोणालाही कर्मातून सूट देत नाही, ही या प्रसंगाची शिकवण नावाचा विचार करताना विसरता येत नाही.

हस्तिनापूरचे श्रेयांसकुमार

या नावाचा दुसरा धनी गृहस्थ आहे आणि श्रावकांना तो अधिक जवळचा वाटतो. प्रथम तीर्थंकर ऋषभदेव यांनी दीक्षा घेतली तेव्हा त्यांच्याबरोबर चार हजार राजांनीही गृहत्याग केला. परंतु क्षुधेचा परिषह त्यांना सोसला नाही आणि ते मार्गापासून ढळले. भगवान मात्र मौनाने विहार करीत राहिले. ते ज्या ज्या नगरात जात तेथील लोक भक्तीने धावत येत. कोणी हत्ती आणी, कोणी घोडे, कोणी रत्ने, कोणी वस्त्रालंकार, कोणी आपली कन्या अर्पण करू पाही. भगवान काहीही न स्वीकारता पुढे जात. मुनीला आहार द्यावयाचा असतो आणि तो कसा द्यावयाचा असतो, हे त्या काळी कोणालाच ठाऊक नव्हते. सुमारे एक वर्ष असे निराहार गेले.

भगवान हस्तिनापुरास आले. श्रेयांसकुमार हे बाहुबलींच्या वंशातील. श्वेतांबर परंपरेनुसार ते राजा सोमप्रभ यांचे पुत्र, तर दिगंबर परंपरेनुसार त्यांचे धाकटे बंधू. मलिन झालेला मेरुपर्वत आपण धुऊन उजळविला, असे स्वप्न श्रेयांसांना पडल्याचे हेमचंद्राचार्य सांगतात. भगवंतांना पाहताच त्यांना पूर्वभवाचे स्मरण झाले आणि मुनींना आहार कसा द्यावा याचे ज्ञान जागे झाले. त्या वेळी उसाच्या रसाने भरलेले घट तेथे होते. श्रेयांसांनी तो शुद्ध रस भगवंतांच्या ओंजळीत अर्पण केला आणि दीर्घ तपाचे पारणे झाले. तो दिवस वैशाख शुद्ध तृतीयेचा. तीच अक्षय्य तृतीया. आजही वर्षीतप करणारे तपस्वी तेरा महिन्यांहून अधिक काळ एक दिवसाआड उपवास करून याच दिवशी हस्तिनापूर किंवा शत्रुंजय येथे इक्षुरसाने पारणे करतात.

या प्रसंगात प्रश्न वस्तूच्या किमतीचा नाही. रत्ने देणारे लोक कृपण नव्हते आणि त्यांची भक्तीही खोटी नव्हती. त्यांनी आपल्याला जे मौल्यवान वाटले ते दिले; घेणाऱ्याला काय हवे हे मात्र पाहिले नाही. श्रेयांसांनी घेणाऱ्याकडे पाहिले. एक वर्ष साऱ्या देशाची श्रीमंती जे करू शकली नाही ते ओंजळभर रसाने केले. त्यामुळेच जिनसेनाचार्यांनी श्रेयांसांना दानतीर्थाचे प्रवर्तक म्हणून गौरविले आहे. ऋषभदेवांनी धर्मतीर्थ प्रवर्तविले, श्रेयांसांनी दानतीर्थ. चक्रवर्ती भरतानेही त्यांचा सन्मान केला, असे पुराणात वर्णन आहे. षट्खंडाचा स्वामी एका दात्यापुढे नम्र होतो, हे चित्र श्रावकधर्माची थोरवी सांगते.

तत्त्वार्थसूत्राच्या सातव्या अध्यायात उमास्वातींनी दानाचे लक्षण सांगितले आहे : अनुग्रहासाठी आपल्या मालकीची वस्तू देणे म्हणजे दान. विधी, द्रव्य, दाता आणि पात्र या चार गोष्टींवरून दानाची गुणवत्ता ठरते, असेही तेथे म्हटले आहे. श्रेयांसांच्या दानात हे चारही घटक जुळून आले. आधीच्या नगरांत दाते होते, पात्र तर साक्षात तीर्थंकर होते; पण द्रव्य आणि विधी चुकत होते.

महाराष्ट्रातील वारसा

महाराष्ट्रातील जैन समाजाच्या नावांकडे पाहिले तर समाजाचा इतिहासच समोर येतो. व्यापारी कुटुंबांत हिराचंद, माणिकचंद, नेमचंद, वालचंद अशी नावे होती. मुंबईचे दानवीर सेठ माणिकचंद हिराचंद जव्हेरी आणि सोलापूरचे उद्योगपती वालचंद हिराचंद ही त्यांची सर्वपरिचित उदाहरणे. कोल्हापूर, सांगली आणि बेळगाव भागातील शेतकरी जैनांत आदगोंडा, पायगोंडा, जिनगोंडा अशी नावे रूढ होती. विसाव्या शतकातील महान दिगंबराचार्य शांतिसागर महाराज यांचे पूर्वाश्रमीचे नाव सातगोंडा होते. १९५५ मध्ये कुंथलगिरी येथे त्यांनी सल्लेखनापूर्वक देह ठेवला. पुढे शिक्षण वाढले, कुटुंबे शहरांत आली आणि ऋषभ, श्रेयांस, पार्श्व, वर्धमान अशी तीर्थंकरनामे थेट मुलांना दिली जाऊ लागली. भाषा आणि प्रांत यांच्या खुणा नावांतून कमी झाल्या, परंतु मराठी, गुजराती, कच्छी आणि मारवाडी साधर्मिकांची मुले एकाच नावाने ओळखली जाऊ लागली, हा लाभही झाला.

'श्रेयांस' हे नाव सार्वजनिक जीवनात गाजविणारे साहू श्रेयांसप्रसाद जैन उत्तर प्रदेशातील नजीबाबादच्या साहू घराण्यात १९०८ मध्ये जन्मले आणि मुंबई ही त्यांची कर्मभूमी झाली. १९५२ ते १९५८ या काळात ते राज्यसभेचे सदस्य होते. १९८८ मध्ये त्यांना पद्मभूषण देऊन गौरविण्यात आले. उद्योगाबरोबरच तीर्थरक्षण आणि समाजकार्य यांच्याशी त्यांचे नाव जोडले गेले.

ज्यांच्या वंशात श्रेयांसकुमार जन्मले त्या बाहुबलींची २८ फूट उंचीची मूर्ती कोल्हापूर जिल्ह्यातील कुंभोज-बाहुबली येथे १९६३ मध्ये प्रतिष्ठित झाली. तेथे गुरुदेव समंतभद्र महाराजांनी १९३४ मध्ये सुरू केलेल्या ब्रह्मचर्याश्रमातून ज्ञानदानाची मोठी परंपरा उभी राहिली. बाहुबलींचा त्याग आणि श्रेयांसांचे दान ही एकाच घराण्याची दोन रूपे आहेत. एकाने जिंकलेले राज्य सोडले, दुसऱ्याने हाती असलेले योग्य ठिकाणी दिले.

पळस्प्याच्या वाटेवर

हा वारसा पळस्प्यात कसा जपायचा, हा खरा प्रश्न आहे. पळस्पे हे रस्त्यांचे गाव. जुना मुंबई-पुणे रस्ता येथून जातो, कोकणात आणि पुढे गोव्याकडे जाणारा महामार्ग येथून फुटतो आणि न्हावाशेवा बंदराकडून येणारा रस्ताही येथे मिळतो. दिवसरात्र वाहनांचा लोट चालू असतो. द्रुतगती मार्गावर पायी चालण्यास मनाई असल्यामुळे मुंबईकडून पुण्याकडे विहार करणाऱ्या साधु-साध्वीजींना जुना रस्ताच धरावा लागतो. पहाटेच्या काळोखात अनवाणी चालणारे ते पाय आणि शेजारून धडधडत जाणारे अवजड कंटेनर, हे दृश्य या परिसराला परके नाही. महामार्गांवर विहारातील साधु-साध्वीजींचे अपघाती मृत्यू झाल्याच्या वार्ता समाजाने वारंवार ऐकल्या आहेत.

जैन परंपरा आहार, औषध, ज्ञान आणि अभय अशी चार दाने सांगते. महामार्गावरच्या गावात या चारांपैकी अभयदानाची निकड सर्वांत अधिक आहे. विहारात पुढे-मागे चालणारा, हातात विजेरी आणि अंगावर चमकणारा पट्टा असलेला तरुण हा आजच्या काळातील श्रेयांसच होय. अनेक गावांत विहार सेवा करणारे युवक-युवतींचे गट हे काम निष्ठेने करीत आहेत. गोचरीसाठी निर्दोष आहाराची सोय असणारे एक घर, रात्री उतरण्यास एक स्वच्छ जागा आणि पहाटे सोबतीला दोन माणसे, एवढे जेथे उपलब्ध असेल तेथे दानतीर्थ चालू आहे, असे समजावे. अभयदानाला पात्रतेची चौकटही लागत नाही. अपघातात सापडलेला अनोळखी वाहनचालक असो वा रस्ता ओलांडताना जखमी झालेला मुका जीव, त्याच्यासाठी धावणे हे अनुकंपादान आहे.

संस्था पन्नास वर्षे टिकते ती दानावर. या काळात कोणी जागा दिली, कोणी पैसा दिला, कोणी आयुष्यातील संध्याकाळी दिल्या. पैशाची पावती होते आणि नामफलकही लागतो. दिलेल्या वेळेची नोंद कोठेच राहत नाही. फलक लावू नयेत असे नाही. दात्याचा सन्मान इतरांना प्रेरणा देतो, हे चक्रवर्ती भरताच्या उदाहरणावरून दिसतेच. परंतु हस्तिनापुरात कोणताही फलक नव्हता. नाव पाहून रस दिला गेला नाही, रस दिला म्हणून नाव राहिले. संस्थेच्या पुढील पन्नास वर्षांचा विचार करताना प्रत्येक योजनेला एक प्रश्न विचारला जावा : देणाऱ्याला काय द्यावेसे वाटते हे येथे पाहिले आहे, की घेणाऱ्याला कशाची गरज आहे हे? भव्य कमान की पाठशाळेतील शिक्षकाचे मानधन, मोठा भोजनसमारंभ की एकट्या पडलेल्या वृद्ध साधर्मिकाचे औषध, याचा निर्णय त्या प्रश्नाच्या उत्तरात आहे. रत्ने घेऊन आलेल्या नगरवासीयांची भक्ती कमी नव्हती. कमी होता तो विवेक.

समारोप

महाराष्ट्रातील रस्त्यांवर उन्हाळ्यात रसवंतीगृहांची घुंगरे वाजू लागतात. अक्षय्य तृतीया त्याच दिवसांत येते. उसाचा रस ही गरिबालाही परवडणारी वस्तू आहे, आणि जैन इतिहासातील पहिले सुपात्रदान याच वस्तूने झाले. दानासाठी श्रीमंती ही अट नाही, हे सांगायला याहून सोपा पुरावा नको.

ज्या घरांत 'श्रेयांस' नावाचा मुलगा आहे, त्या घरांनी त्याला हे दोन श्रेयांस सांगावेत : एक सिंहपुरीचे, ज्यांनी आत्म्याचे कल्याण साधले, दुसरे हस्तिनापूरचे, ज्यांनी भुकेलेल्या तपस्व्याची गरज ओळखली. ज्यांच्या घरात हे नाव नाही त्यांनीही ते आपल्या आचरणात ठेवावे. नावाचा संस्कार बाराव्या दिवशी होतो आणि संपतो. नावाला जागणे मात्र आयुष्यभर चालते. श्रेष्ठ होणे सर्वांच्या हाती नसते. कालच्यापेक्षा आज थोडे अधिक चांगले होणे मात्र प्रत्येकाच्या हाती असते, आणि श्रेयांस या शब्दाचा अर्थ तेवढाच आहे.

सुवर्णमहोत्सवाच्या या प्रसंगी संस्थेची पुढील वाटचाल अशीच श्रेयाच्या दिशेने होवो, ही जिनचरणी प्रार्थना.

जय जिनेंद्र.